प्रवरेचें खोरें

महाराष्ट्रांतील नद्यांचीं नांवें घेऊं लागलें म्हणजे गोदावरी, कृष्णा, भीमा, तापी हीं नांवें आपल्या ओठांवर आधीं येतात. प्रवरेचें नांव निघतें तें बहुधा मागाहून, आणि तेंहि गोदावरीची एक उपनदी म्हणून. लांबीच्या मानानें पाहिलें तर ही नदी लहानच आहे. सह्याद्रीच्या माथ्यावर रतनगडाच्या परिसरांत ती उगम पावते, सुमारे २०० किलोमीटर पूर्वेकडे वाहते आणि नेवाशाच्या पुढें प्रवरासंगम येथें गोदावरीस मिळते. उगमापासून संगमापर्यंतचा तिचा सारा प्रवास एकाच जिल्ह्यांत होतो. त्या जिल्ह्याचें नांव पूर्वीं अहमदनगर होतें. २०२४ पासून तें अहिल्यानगर झालें आहे.

परंतु एवढ्याशा प्रवासांत या नदीनें मनुष्याच्या वस्तीचा जो इतिहास आपल्या कांठीं सांभाळून ठेवला आहे, तितका फार थोड्या नद्यांच्या कांठीं सांपडतो. या खोऱ्याचें सृष्टिसौंदर्य आणि त्याचा इतिहास यांची ओळख करून देण्याचा माझा आजचा हेतु आहे. हे दोन विषय वेगवेगळे सांगतां येण्यासारखे नाहींत. जें पाणी डोंगरांत धबधब्याच्या रूपानें आपलें मन हरण करतें, त्याच पाण्याच्या भरंवशावर खालचीं गांवें वसलीं, आणि एके काळीं तें पुरेनासें झालें म्हणून ओसहि पडलीं असावींत. तें पाणी कसें टिकवावें आणि कोणास किती द्यावें, हाच या खोऱ्याच्या इतिहासांतला मुख्य प्रश्न आहे, आणि तो अजून सुटलेला नाहीं.

प्रथम या खोऱ्याची ठेवण पाहूं. सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वीं भूगर्भांतून तप्त रस वारंवार बाहेर आला व थरावर थर पसरून निवला. त्यांतूनच आपल्या दख्खनचा काळा पाषाण तयार झाला. यांतील कांहीं थर कठीण, तर कांहीं ठिसूळ. ठिसूळ थर पाऊसपाण्यानें झिजून त्यांचे उतार झाले. कठीण थर टिकून राहिले व त्यांचे उभे कडे झाले. म्हणून या डोंगरांकडे दुरून पाहिलें असतां एकावर एक पायऱ्या रचल्यासारखा देखावा दिसतो. याच डोंगरांत कळसूबाईचें शिखर आहे. त्याची उंची १६४६ मीटर, म्हणजे ५४०० फूट असून महाराष्ट्रांत त्याहून उंच शिखर नाहीं.

पश्चिम समुद्रावरून येणारे मोसमी वारे या भिंतीवर आदळतात व वर चढतात. वर चढतांना हवा थंड होते आणि तिच्यांतील बाष्पाचा पाऊस होतो. माथा ओलांडून तीच हवा पूर्वेकडे उतरूं लागली कीं ती पुन्हा तापते, कोरडी होते, आणि ढग विरळ होतात. याचा परिणाम किती व्हावा? घाटमाथ्यावरील घाटघर येथें वर्षास २०० इंचांच्या आसपास पाऊस पडतो. तेथून मोटारीनें अवघ्या दोन-अडीच तासांच्या वाटेवर असलेल्या संगमनेरास तो २० इंचांच्याहि आंत येतो. एकाच नदीच्या वरच्या टोंकास छपरावर ताडपत्री व पेंढा घालून पावसाशीं झगडणारीं माणसें आहेत, आणि तिच्याच मधल्या भागांत आभाळाकडे डोळे लावून बसलेला शेतकरी आहे. खालच्या भागास प्रवरेचा आधार कां वाटतो, हें एवढ्यावरून ध्यानांत येईल.

या वरच्या भागाचें सौंदर्य पाहावयाचें तर श्रावण-भाद्रपदांत जावें. कड्याकड्यांवरून शुभ्र धारा उतरत असतात, धुक्यामुळें दहा पावलांवरचें माणूस दिसत नाहीं, आणि मध्येंच वाऱ्याची एखादी झुळूक आली म्हणजे पडदा बाजूस सारावा तसा रतनगड समोर उभा राहतो. गडाच्या पायथ्याशीं रतनवाडीस अमृतेश्वराचें काळ्या पाषाणाचें देऊळ आहे. तें सुमारे हजार वर्षांपूर्वींचें मानतात. त्याच्या भिंतींवरील, खांबांवरील व छतावरील कोरीव काम पाहून, इतक्या आडबाजूच्या रानांत एवढे कारागीर कोणीं व कशासाठीं आणले असतील, असा प्रश्न पडल्याखेरीज राहत नाहीं. जवळच एक चौकोनी पुष्करिणी असून तिच्या भिंतींतील कोनाड्यांत विष्णूच्या मूर्ति आहेत.

उन्हाळ्याच्या अखेरीसहि येथें एक अपूर्व देखावा असतो. वळवाचे दोन-चार पाऊस झाले म्हणजे मेच्या शेवटीं व जूनच्या आरंभीं हिरडा, बेहडा, सादडा, जांभूळ, उंबर अशा झाडांवर लक्षावधि काजवे जमतात. अंधाऱ्या रात्रीं सबंध झाड एकदम उजळतें, एकदम विझतें व पुन्हा उजळतें. हा प्रकाश म्हणजे काजव्यांची एकमेकांस दिलेली खूण होय. नर आणि मादी यांची भेट त्या खुणेवर अवलंबून असते. प्रौढ काजव्याचें आयुष्य थोड्या दिवसांचें. त्या थोड्या दिवसांत मोटारींचे दिवे व विजेऱ्या यांचा झगझगाट झाला तर त्यांस ती खूण दिसत नाहीं आणि पुढची पिढी घटते. अलीकडे हा देखावा पाहण्यास शहरांतून मोठी गर्दी लोटते. काजवे पाहावयास जाणाऱ्यांनीं निदान आपला दिवा मालवावा, इतकें तर आपल्या हातीं आहे.

या डोंगरांत मुख्यतः महादेव कोळी व ठाकर यांची वस्ती आहे. उतारावर बांध घालून केलेल्या खाचरांत भात, आणि वरच्या वरकस जमिनींत नाचणी व वरई हीं त्यांचीं पिकें. १९ व्या शतकांत सावकारी आणि कंपनी सरकारचा अंमल यांविरुद्ध बंड करणारा राघोजी भांगरे हा याच भागांतील देवगांवचा. त्यास २ मे १८४८ रोजीं ठाण्याच्या तुरुंगांत फांशी देण्यांत आलें. या लोकांच्या नशिबीं एक विचित्र दुर्दैव आहे. महाराष्ट्रांतील अतिवृष्टीच्या मोजक्या ठिकाणांपैकीं हें एक. तरी पण चैत्र-वैशाखांत येथील कित्येक वाड्यांतील बायकांस हंडाभर पाण्यासाठीं दूरवर पायपीट करावी लागते. याचें कारण पुन्हा त्या काळ्या पाषाणांतच आहे. अखंड कातळांत पाणी मुरण्यास जागा थोडी. भेगांत व वरच्या झिजलेल्या मुरमांत मुरेल तेवढेंच. बाकीचें पाणी तीव्र उतारावरून चार महिन्यांत खालीं निघून जातें, आणि ज्यांच्या छपरावर तें पडलें ते मागें तहानलेले राहतात.

डोंगर सोडून नदी खालीं येते तेव्हां रंधा येथें ती एका खोल घळींत सुमारे १७० फूट उडी घेते. पूर आलेला असतांना त्या आवाजापुढें शेजारच्या माणसाचें बोलणें ऐकूं येत नाहीं, आणि तुषारांवर ऊन पडलें म्हणजे इंद्रधनुष्य उमटतें. रंध्याच्या पुढें खोरें हळूहळू रुंदावतें. अकोल्याजवळ अगस्ति ऋषींचा आश्रम होता अशी श्रद्धा आहे, आणि तेथील सिद्धेश्वराचें जुनें देऊळ त्यावरील शिल्पामुळें प्रसिद्ध आहे. पुढें आढळा व म्हाळुंगी या नद्या प्रवरेस मिळतात. म्हाळुंगीच्या संगमावर वसलें तें संगमनेर.

जुन्नरहून नाशिकास जाणाऱ्या जुन्या वाटेवर असल्यामुळें संगमनेराचें महत्त्व प्राचीन आहे. यादव राजा दुसरा भिल्लम याचा शके ९२२, म्हणजे इ. स. १००० मधील ताम्रपट येथें मिळाला. देवगिरीचें वैभव अजून पुढें असतांना यादवांची सत्ता सिन्नर-संगमनेराच्या परिसरांत कशी वाढत होती, हें त्यावरून कळतें. १६७९ सालीं जालना लुटून परततांना शिवाजीमहाराजांची मोंगली सैन्याशीं गांठ पडली ती याच भागांत. त्या चकमकींत सिधोजी निंबाळकर कामीं आले, आणि महाराज अवघड वाटेनें पट्टा किल्ल्यावर सुखरूप पोंचले. त्यांनीं तेथें विसांवा घेतला म्हणून पट्ट्यास विश्रामगड म्हणतात. पेशवाईच्या उत्तरार्धांतील शाहीर अनंत फंदी हेहि संगमनेरचेच.

येथवरचा इतिहास फार तर हजार वर्षांचा झाला. त्याच्या कितीतरी पलीकडचा इतिहास संगमनेरच्या पूर्वेस नदीकांठच्या पांढरींत पुरलेला होता. गांवाशेजारची ती राखट मातीची उंच टेकाडें आपण सर्वांनीं पाहिलेलीं असतात; पण तीं पिढ्यान्‌पिढ्यांच्या घरांच्या पडझडीनें बनलेलीं आहेत हें सहसा ध्यानांत येत नाहीं. संगमनेरपासून थोड्याच अंतरावर प्रवरेच्या कांठीं जोर्वें नांवाचें गांव आहे. पुण्याच्या डेक्कन कॉलेजचे डॉ. हसमुख सांकलिया आणि डॉ. शांताराम देव यांनीं १९५०-५१ सालीं तेथें उत्खनन केलें. त्या गांवीं तांब्याच्या चपट्या कुऱ्हाडी आणि एक विशिष्ट प्रकारचीं भांडीं मिळालीं. हीं भांडीं चाकावर घडविलेलीं, तांबूस रंगाचीं, चांगलीं भाजलेलीं. वर काळ्या रंगानें रेघोट्यांची व चौकटींची नक्षी. टिचकी मारली तर धातूसारखा आवाज निघावा अशीं. तशींच भांडीं पुढें महाराष्ट्रांत ठिकठिकाणीं सांपडलीं, तेव्हां त्या सर्व संस्कृतीस ‘जोर्वे संस्कृति’ हेंच नांव मिळालें. इ. स. पूर्व १४०० ते १००० हा तिचा भराचा काळ. जगांतील पुरातत्त्वाच्या ग्रंथांत प्रवराकांठच्या एका लहानशा खेड्याचें नांव अशा रीतीनें कायमचें नोंदलें गेलें.

त्याच्या पुढें श्रीरामपूर तालुक्यांत दायमाबाद आहे. तेथील वस्ती आणखी जुनी. इ. स. पूर्व २२०० च्या सुमारास ती सुरू झाली, आणि एकामागून एक पांच संस्कृतींचे थर तेथें मिळाले. त्यांतील एक उत्तर-हडप्पाकालीन आहे. सिंधु नदीच्या कांठीं उगवलेल्या संस्कृतीची शेवटची सावली प्रवरेपर्यंत पोंचली होती, असा याचा अर्थ. १९७४ सालीं तेथें एका भिल्ल शेतमजुरास झाडाचें खोड खणून काढतांना चार कांस्यमूर्ति सांपडल्या : दोन बैल जोडलेला व उभा सारथि असलेला रथ, हत्ती, गेंडा आणि रेडा. चारांचें मिळून वजन ६० किलोग्रॅमहून अधिक आहे. त्या नेमक्या कोणत्या काळांतील, याविषयीं विद्वानांत मतभेद आहेत; परंतु त्यांच्या घडणीचें कौशल्य सर्वांस मान्य आहे.

नेवाशास तर काळाचा हिशेब लाखांनीं करावा लागतो. येथें नदीच्या जुन्या वाळू-गोट्यांच्या थरांत आदिमानवाचीं दगडी हत्यारें मिळालीं. त्यांतील कांहींचें वय साडेतीन लाख वर्षांहून अधिक ठरलें आहे. १९५४ पासून येथें झालेल्या उत्खननांत त्या हत्यारांपासून मुसलमानी अमदानीपर्यंतचे थर उघड झाले. सातवाहनांच्या काळच्या थरांत भूमध्य समुद्राकडील मद्यकुंभांचे तुकडे आले, म्हणजे रोमन व्यापाराचा माल येथवर पोंचत होता. जोर्वे काळांतील घरांच्या जमिनीखालीं लहान मुलांचीं दफनें मिळालीं. दोन मडकीं तोंडास तोंड लावून त्यांत मूल ठेवीत. त्यांतील एका मुलाच्या गळ्यांत तांब्याच्या मण्यांची माळ होती. मण्यांत अडकून राहिलेला धागा तपासला तेव्हां तो रेशीम आणि कापूस यांचा असल्याचें दिसून आलें. तीन हजारांहून अधिक वर्षांपूर्वीं ज्या माउलीनें ती माळ आपल्या लेंकरास घातली, तिचें नांव, तिची भाषा आपणांस ठाऊक नाहीं. पण मूल दूर न नेतां घरांतच आपल्या पायांशीं ठेवण्यामागचें तिचें मन ओळखण्यास भाषेची गरज लागत नाहीं.

असे हे लोक येथें चारशें वर्षें सुखानें नांदले. जव, कडधान्यें पिकवीत, गुरें पाळीत, सुंदर भांडीं घडवीत. आणि इ. स. पूर्व १००० च्या सुमारास ते नाहींसे झाले. दायमाबाद ओस पडलें तें कायमचेंच. नेवाशाच्या पांढरीवर पुन्हा माणूस राहावयास आला तो कित्येक शतकांनीं. याचें कारण काय? डॉ. मधुकर ढवळीकर यांनीं याच संस्कृतीच्या, पण घोड नदीच्या कांठच्या इनामगांवचें अनेक वर्षें उत्खनन केलें. तेथें पुराचें पाणी वळवून घेण्यासाठीं खणलेला पाट व बांध मिळाला. म्हणजे पाण्याची तजवीज करण्याची विद्या या लोकांस अवगत होती. तरी पण वरच्या थरांत चौकोनी ऐसपैस घरें जाऊन लहान गोल झोंपड्या येतात, भांड्यांची घडण उतरते, शेती मागें पडून मेंढपाळी वाढते. पर्जन्यमान घटून कोरडा काळ आला व त्यापुढें या लोकांचें कांहीं चालेना, असा निष्कर्ष त्यांनीं काढला. हेंच एकमेव कारण होतें असें सर्व विद्वान मानीत नाहींत. परंतु प्रवरेच्या कांठीं एक भरभराटलेली संस्कृति पूर्वीं मावळलेली आहे, ही गोष्ट मात्र निर्विवाद आहे, आणि या खोऱ्यांत राहणाऱ्यानें ती विसरूं नये.

नेवाशाचें नांव मराठी माणसाच्या अंतःकरणांत कोरलें गेलें तें मात्र दुसऱ्याच कारणानें. शके १२१२, म्हणजे इ. स. १२९० मध्यें ज्ञानेश्वरांनीं येथें गीतेवरील आपली टीका सांगितली आणि सच्चिदानंदबाबांनीं ती उतरून घेतली. ज्या खांबास टेकून ज्ञानेश्वर बसले असें परंपरा सांगते, तो शिलालेख असलेला खांब ‘पैस’ या नांवानें ओळखला जातो, आणि वारकरी आजहि त्यास मिठी मारून दर्शन घेतात. मराठी भाषेचें एवढें थोर लेणें याच नदीच्या तीरावर घडलें.

नेवाशासच मोहिनीराजाचें देऊळ आहे, आणि त्यामागें साऱ्या खोऱ्यास व्यापणारी एक लोककथा आहे. समुद्रमंथनांतून निघालेलें अमृत वांटण्यासाठीं विष्णूनें मोहिनीचें रूप घेतलें तें येथें. देवांच्या पंक्तींत चोरून बसलेल्या राहूचें मस्तक उडालें. राहुरी हें नांव त्यावरून पडलें असें लोक सांगतात. वर रतनवाडीस अमृतेश्वर, खालीं नेवाशास मोहिनीराज, आणि मध्यें वाहणारी प्रवरा ती अमृतवाहिनी. इतिहास म्हणून या कथेकडे पाहावयाचें नसतें. पण कोरड्या प्रदेशांतील लोकांनीं आपल्या नदीस अमृत म्हणावें, आणि तिच्याविषयीं सांगावयाची कथा अमृताच्या वांटणीची असावी, यांत मोठें मर्म आहे असें मला वाटतें.

ती वांटणी आधुनिक काळांत कशी झाली तें आतां पाहूं. १८७६-७७ आणि १८९९-१९०० या दोन भयंकर दुष्काळांची झळ नगर जिल्ह्यानें पुरेपूर सोसली. ओझर येथें बंधारा बांधून लहान कालवा काढण्याचा प्रयत्न १९ व्या शतकाच्या उत्तरार्धांतच झाला होता. पण नदीच आटली म्हणजे बंधारा काय करणार? पावसाळ्यांतील पाणी डोंगरांतच अडवून ठेवणें हाच उपाय होता. त्याप्रमाणें भंडारदरा येथें १९१० सालीं धरणाचें काम सुरू झालें व १९२६ सालीं तें संपलें. १० डिसेंबर १९२६ रोजीं मुंबईचे गव्हर्नर सर लेस्ली विल्सन यांच्या हस्तें त्याचें उद्घाटन झालें आणि त्यांचेंच नांव धरणास मिळालें. चुन्यांत बांधलेलें हें दगडी धरण २७० फूट उंच आहे; तितकें उंच धरण त्या वेळीं भारतांत दुसरें नव्हतें. त्यांत सुमारे ११ अब्ज घनफूट पाणी सांठतें. १९६९ सालीं धरणास तडे जाऊन गळती लागली तेव्हां खालच्या गांवांच्या तोंडचें पाणी पळालें होतें. पुढें भक्कम धिरे देऊन व पोलादी दोर ताणून बसवून तें मजबूत करण्यांत आलें.

या योजनेची एक विशेष गोष्ट अशी कीं, कालवे धरणापासून निघत नाहींत. धरणांतून सोडलेलें पाणी नदीच्याच पात्रानें बरेंच अंतर खालीं येतें, आणि ओझरच्या बंधाऱ्यापाशीं तें डाव्या व उजव्या कालव्यांत वळतें. हें पाणी आलें आणि राहातें, श्रीरामपूर, राहुरी या भागाचें रूपच पालटलें. जेथें बाजरी पिकली तर पिकली, तेथें ऊंस उभा राहिला. हरेगांवास बेलापूर कंपनीचा साखर कारखाना निघाला. पण कारखाना कंपनीचा आणि ऊंस पिकविणारा कर्जांत, ही स्थिति कित्येकांस सलत होती. लोणीचे विठ्ठलराव विखे पाटील यांनीं गांवोगांव हिंडून शेतकऱ्यांचें भागभांडवल जमविलें, अर्थशास्त्रज्ञ डॉ. धनंजयराव गाडगीळ यांनीं मार्गदर्शन केलें, आणि १९५० च्या अखेरीस शेतकऱ्यांच्या स्वतःच्या मालकीचा प्रवरा कारखाना सुरू झाला. पुढें महाराष्ट्रभर पसरलेल्या सहकारी साखर कारखान्यांस वाट दाखविली ती यानेंच.

परंतु पाणी आलें म्हणजे सुख आलेंच असें नाहीं. या खोऱ्यांतील काळी जमीन खोल व चिकण आहे. तिच्यांतून पाण्याचा निचरा सावकाश होतो. उंसास वारंवार भरपूर पाणी पाजलें कीं जमिनीखालील पाण्याची पातळी वर वर चढते. ती पृष्ठभागाजवळ आली म्हणजे मातीच्या सूक्ष्म छिद्रांतून, दिव्याच्या वातींत तेल चढावें तसें, पाणी वर येतें. उन्हानें पाण्याची वाफ होते आणि त्यांत विरघळलेले क्षार मागें राहतात. कांहीं वर्षांत जमिनीवर पांढरा थर दिसूं लागतो व पीक जळतें. अशा रीतीनें कालव्याखालची कित्येक एकर सुपीक जमीन खारवट व चोपण झाली. पाणी न मिळाल्यानें जमीन पडीक राहते हें आपणांस माहीत असतें. पाणी अधिक झाल्यानेंहि ती पडीक होते, हें या खोऱ्यानें दाखविलें. यावरील उपायहि ज्ञात आहेत. निचऱ्याचे चर खणणें, पाणी मोजून देणें, उंसास मुळाशीं थेंबाथेंबानें पाणी पोंचविणें आणि पिकांचा फेरपालट करणें. राहुरीस १९६८ पासून असलेल्या महात्मा फुले कृषि विद्यापीठानें या विद्येचा प्रसारहि केला आहे. उणीव ज्ञानाची नसून संयमाची आहे.

दुसरा प्रश्न वांटणीचा. १९७० सालीं मंजूर झालेल्या निळवंडे धरणाच्या डाव्या कालव्यांतून पाणी वाहिलें तें २०२३ सालीं. नदी डोळ्यांसमोरून वाहत असतांना अर्धशतक वाट पाहिलेल्या १८२ गांवांस या कालव्यांचा लाभ व्हावयाचा आहे. इकडे खालीं, पैठणजवळ गोदावरीवर १९७६ सालीं जायकवाडी धरण पुरें झालें. त्याचा फुगवटा प्रवरासंगमाच्या आसपास पोंचतो. मराठवाड्याची तहान त्यावर अवलंबून आहे. पाऊस कमी झाला कीं वरच्या धरणांतून खालीं पाणी सोडावें कीं न सोडावें, यावरून वाद पेटतो व न्यायालयापर्यंत जातो. २००५ च्या कायद्यानें समन्यायी वांटपाचें तत्त्व मान्य केलेलें आहे. वरच्यासहि आपलें म्हणणें खरें वाटतें आणि खालच्यासहि. आणि ज्यांच्या जमिनी धरणाच्या पोटांत गेल्या, ज्यांच्या डोंगरावर तो सारा पाऊस पडतो, त्या वाड्यांचें म्हणणें या वादांत बहुधा कोणी ऐकतच नाहीं. अमृताच्या पंक्तींत प्रपंच झाला तर काय होतें, हें आपल्या पूर्वजांनीं कथेंत सांगून ठेवलेंच आहे.

तिसरी गोष्ट वाळूची. नदीच्या पात्रांतील वाळू ही निरुपयोगी वस्तु नव्हे. पावसाळ्यांत तिच्यांत पाणी मुरतें, आणि उन्हाळ्यांत तेंच कांठच्या विहिरींस झऱ्यांच्या रूपानें मिळतें. शहरांतील इमारतींसाठीं पात्रच्या पात्र खरवडून नेलें म्हणजे तो सांठा जातो, आणि पूर ओसरतांच नदी कोरडी पडते. आपण ज्या घरांत बसून हें भाषण ऐकत आहां, त्या घराच्या भिंतींतहि अशाच एखाद्या नदीचें पात्र असेल.

श्रोतेहो, दोष देत बसणें हा माझा उद्देश नाहीं. शहरांतील सुशिक्षित कुटुंबें सुटींत भंडारदऱ्यास जातात, जलाशय व धबधबे पाहतात व परततात. त्यांस माझी विनंति इतकीच आहे कीं, एकदां ही नदी उगमापासून संगमापर्यंत पाहावी. रतनवाडीचें देऊळ पाहावें, रंध्याचा प्रपात पाहावा. मग संगमनेर, जोर्वें या वाटेनें खालीं यावें, कालव्याकांठचा हिरवा ऊंस आणि त्याच्याच शेजारीं पांढरी पडलेली जमीन हीं दोन्ही डोळ्यांखालून घालावींत, आणि शेवटीं नेवाशाच्या त्या खांबापुढें हात जोडावेत. मुलें बरोबर असतील तर त्यांस नदीकांठची पांढर अवश्य दाखवावी. येथें आपल्यासारखींच माणसें राहत होतीं, त्यांसहि घरेंदारें, लेंकरें होतीं, आणि तीन हजार वर्षांपूर्वीं तीं हें खोरें सोडून गेलीं, असें त्यांस सांगावें.

जोर्वेच्या लोकांस आभाळाचा रंग बदललेला दिसला असेल. पण त्याचें कारण त्यांस कळण्याचें साधन नव्हतें. आपणांपाशीं पर्जन्याचीं मोजमापें आहेत, धरणें आहेत, जमिनीचें शास्त्र आहे, वांटणीचा कायदा आहे. इतकें सर्व हातीं असतांना हें खोरें पुन्हा उजाड होऊं देणें किंवा त्याच्या पाण्याविषयीं वरच्यांनीं व खालच्यांनीं कायमचें वैर धरणें, हें आपणांस शोभणारें नाहीं. प्रवरेचें पाणी मोजकें आहे. तें मोजून घ्यावें, मोजून द्यावें आणि उगमाजवळच्या तहानलेल्या वाडीस विसरूं नये, इतकें सांगून मी आपली रजा घेतों.